खोट्या घरांच्या बाई

आम्ही खरोखर नवरा-बायको आहोत की नाही, याची आमच्या घरमालकीण बाईंना खात्री नव्हती.

कोथरूडमधल्या त्यांच्या दुमजली बंगल्याचा खालचा मजला भाड्यानं द्यायचा होता. पाटीवर ‘फक्त विवाहित जोडप्यांसाठी’ असं लिहिलेलं होतं. निखिलनं, म्हणजे माझ्या नवऱ्यानं, लग्नाचा दाखला पुढे केला. बाईंनी तो चष्मा न लावताच परत दिला.

“कागद काय, असा मीही करून देईन. शिक्क्यासकट. तुम्हाला हवा तर वीस वर्षं जुना करून देईन.”

निखिल बँकेत ऑडिटला आहे. दुसऱ्यावर संशय घेण्याचा त्याला पगार मिळतो. कुणी त्याच्यावर संशय घेतल्याची त्याला सवय नव्हती. तो काही बोलणार, तेवढ्यात बाईंनी चहा आणला. आम्ही तो प्यायला लागलो आणि बाई समोर बसून आमच्याकडे बघत राहिल्या. निखिलनं बोलता बोलता चमच्यानं माझ्या कपातली साय काढली आणि स्वतःच्या कपात टाकली. मला साय आवडत नाही, त्याला आवडते, एवढंच.

“ठीक आहे,” बाई उठत म्हणाल्या. “लग्न झालेलं आहे. आणि चांगलं जुनं आहे. एक तारखेला या.”

बाहेर आल्यावर निखिल म्हणाला, “ही बाई एक तर वेडी आहे, नाही तर पक्की बनेल.” पुढे कितीतरी महिने यातलं नक्की काय, ते त्याला ठरवता आलं नाही.

बाई साठीच्या पुढच्या. उंच, कृश, केस पुरुषांसारखे बारीक कापलेले, अंगात कायम एक खिशांचा ढगळ शर्ट. एकट्या वरच्या मजल्यावर राहायच्या. समोरच्याचं वाक्य त्या कधी पुरं होऊ द्यायच्या नाहीत, मध्येच तोडायच्या. जाता-येता प्रत्येक वस्तूवर बोटाचं पेर वाजवून बघायची त्यांना सवय होती. भिंत असो, खांब असो, दुकानाचा दरवाजा असो, टक् टक् करायचं, कान देऊन ऐकायचं आणि मग हुंकार भरायचा. त्या हुंकाराचे दोन प्रकार होते. एक ‘खरं आहे’चा आणि दुसरा ‘वाटलंच होतं’चा. एका नव्या हॉटेलात आम्ही त्यांना जेवायला घेऊन गेलो, तर दगडी म्हणून मिरवणाऱ्या कमानीवर त्यांनी टकटक केली आणि मॅनेजरला बोलावून विचारलं, “अहो, थर्माकोल कुठून आणता? चांगला आहे. रंग मात्र घाईत मारलाय.” त्या दिवशी आमची रोटी येईपर्यंत बराच वेळ लागला.

गणपतीत त्या देखावे बघायला जायच्या, पण मागून. मंडपाच्या मागच्या बाजूनं शिरायचं, बांबू कुठे बांधलेत, महालाचा खांब कशाला टेकवलाय ते वाकून बघायचं आणि पुढे न जाता परत यायचं. एका मंडळाच्या पोरांनी त्यांना धरलं. दुसऱ्या मंडळानं पाठवलेल्या हेर वाटल्या त्यांना.

“आजी, पुढून बघा की. मागं काय हाय?”

“पुढे तुम्ही मला काय दाखवायचंय ते दाखवता. मागे काय आहे ते दिसतं,” बाई म्हणाल्या. मग जाता जाता म्हणाल्या, “तो डावीकडचा राजवाडा पावसात बसणार आहे. आधार द्या.” पोरांनी नक्की काय केलं कोण जाणे, पण राजवाडा विसर्जनापर्यंत उभा होता.

त्या कोण, हे आम्हाला आधी शेजारच्या काकूंकडून कळलं. काकूंनी आवाज खाली आणून सांगितलं, “कोरियात होत्या म्हणे. सिनेमात. पंचवीस-तीस वर्षं. आता आपण कशाला बोला, पण कोथरूडची मुलगी कोरियाच्या सिनेमात काय करणार? घरात एक फोटो नाही, एक बक्षीस नाही. मला विचाराल तर कुणाच्या तरी घरी कामाला असणार.”

मी एकदा बाईंनाच विचारलं.

“घरं बांधायचे,” त्या म्हणाल्या. “खोटी.”

मग हळूहळू, कधी जिन्यात, कधी भाजी निवडताना, तुकड्या-तुकड्यांनी समजत गेलं. पुण्यात चित्रकला शिकून त्या शिष्यवृत्तीवर तिकडे गेल्या. भाषा येत नव्हती. पोटासाठी एका स्टुडिओत ब्रश धुवायला लागल्या. तिथे नव्या भिंती जुन्या करण्याचं काम त्यांच्या हाताला जमलं. चहाचं पाणी, काजळी, लोखंडाचा गंज. “हात कुठे लागतो, डोकं कुठे टेकतं, बटणाभोवती किती मळतं, हे माहीत पाहिजे. माणूस खोटं बोलतो, झीज बोलत नाही,” असं त्या म्हणायच्या. भिंतींवरून त्या सामानाकडे गेल्या, सामानावरून खोल्यांकडे आणि शेवटी सिनेमातली सगळी दुनिया कशी दिसावी हे ठरवणाऱ्या माणसाच्या खुर्चीत बसल्या. तिकडे त्याला प्रॉडक्शन डिझायनर म्हणतात. कोण कुठल्या घरात राहतो, कुठल्या कपातून पितो, पडद्याचा रंग किती विटलेला, सगळं तीच व्यक्ती ठरवते.

“मी कपाटाचे खणसुद्धा भरायचे,” त्या सांगायच्या. “कॅमेऱ्यात न दिसणारे. दिग्दर्शक ओरडायचा, हे कोण बघणार आहे? मी म्हणायचे, कोणी नाही. पण त्या नटाला माहीत असतं, आत काहीतरी आहे. तो त्या कपाटाशेजारी वेगळा उभा राहतो.”

मला हे सगळं ऐकायला आवडायचं. निखिल मात्र रात्री जेवताना मोबाइल काढून बसायचा.

“कुठेच नाव नाही त्यांचं. मी सगळीकडे शोधलं.”

हे त्यानं बाईंना तोंडावरही सांगितलं. बाईंना उलट आनंद झाला.

“शाब्बास! शोधलंत? तिकडे माझं नाव त्यांच्या लिपीत आणि त्यांच्या पद्धतीनं लिहितात. तुम्हाला नाही सापडायचं.”

“हे फारच सोयीचं आहे,” निखिल म्हणाला.

“आहेच,” बाई म्हणाल्या. “मी तुमच्या जागी असते तर मीही विश्वास ठेवला नसता.”

अशी त्यांची मैत्री होती. एकमेकांवरचा पूर्ण अविश्वास हाच तिचा पाया.

त्या मैत्रीला पहिला धक्का बसला तो धायरीला. आम्ही स्वतःचं घर घ्यायचं ठरवलं होतं आणि धायरीतल्या एका नव्या इमारतीचा सॅम्पल फ्लॅट बघून निखिल हरखून गेला होता. मी कधी नव्हे ते त्याला संशय न घेता बघत होते. “उजेड बघ! मोकळेपणा बघ!” असं तो म्हणत होता. बुकिंगच्या आधी एकदा बाईंना दाखवू, असं मी सुचवलं. तो खुशीत होता, हो म्हणाला.

बाई दारातून आत आल्या आणि उंबऱ्यावरच थांबल्या. मग त्यांनी चपला काढल्या, बेडरूममध्ये गेल्या आणि सरळ पलंगावर आडव्या झाल्या. त्यांची पावलं पलंगाच्या बाहेर आली.

“मॅडम, प्लीज...” विक्रीचं काम बघणारा तरुण धावत आला.

“अहो, मी उंच आहे, पण एवढी नाही,” बाई झोपूनच म्हणाल्या. “हा पलंग मुलांच्या मापाचा आहे. बाहेरचा सोफाही. सामान लहान ठेवलं की खोली मोठी दिसते. बेडरूमचं दार कुठे आहे?”

“ते मॅडम, डिस्प्लेसाठी काढलंय.”

“कळलं. दार नाही म्हणजे ते उघडायला जागाही लागत नाही. आणि खिडकीच्या मागे जो उजेड आहे तो ट्यूबचा आहे. बाहेर आत्ता ढग आलेत.” मग त्या उठून निखिलकडे वळल्या. अगदी सहज, कौतुकानं म्हणाल्या, “हा सेट आहे. काम चांगलं केलंय ज्यानं केलंय त्यानं.”

निखिलचा चेहरा लालबुंद झाला. गाडीत बसल्यावर त्यानं दार धाडकन लावलं. मग म्हणाला, “बाई, स्पष्ट विचारतो. आम्ही घर घेतलं तर तुमचा भाडेकरू जातो. म्हणून चाललंय ना हे?”

मला गाडीतून उतरून जावंसं वाटलं. बाई मात्र मागच्या सीटवर शांत बसल्या होत्या.

“असू शकेल,” त्या म्हणाल्या. “मी तसा विचार केला नव्हता. पण असू शकेल.”

त्यानंतर निखिलनं त्यांच्याशी बोलणं टाकलं. पण चार-सहा दिवसांनी तो ऑफिसातून उशिरा आला, हातपाय न धुता खुर्चीत बसला आणि म्हणाला, “माझे पण पाय बाहेर येतात.”

तो एकटाच परत धायरीला जाऊन पलंगावर झोपून आला होता. आम्ही तो फ्लॅट घेतला नाही. “यावरून एवढंच सिद्ध होतं,” निखिलनं मला बजावलं, “की बाईंना बिल्डर लोक कळतात. कोरिया सिद्ध होत नाही.”

एका सकाळी टाकीच्या व्हॉल्व्हची चावी मागायला मी वर गेले. दार उघडंच होतं. आतल्या एका खोलीच्या दारात बाई उभ्या होत्या, मला त्यांचा चेहरा एका बाजूनं दिसत होता. डोळे घट्ट मिटलेले, उजवा हात समोर धरलेला, एका भिंतीकडे बोट. मग त्यांनी डोळे उघडले, बोट कुठे आहे ते बघितलं आणि श्वास सोडला.

मी आले आहे हे कळल्यावर त्या दचकल्या. मी माफी मागू लागले तर म्हणाल्या, “बस. बघितलंसच आहेस, तर ऐक. नाही तर नवऱ्याला जाऊन काहीतरी भलतंच सांगशील.”

ती खोली त्यांच्या वडिलांची. साधी, पलंग, टेबल, पुस्तकांचं कपाट आणि पलंगाच्या उशाशी एक खिडकी. त्यांच्या शेवटच्या सिनेमात एका आजारी म्हाताऱ्याची खोली हवी होती. बाईंनी कोणालाही न सांगता स्वतःच्या वडिलांची खोली तिकडे उभी केली. टेबलाचा टवका उडालेला कोपरा, कपाटाची अडकणारी कडी, सगळं आठवणीतून. शूटिंग चालू असताना इकडे वडील वारले. त्या येऊ शकल्या नाहीत.

“सिनेमा चालला. लोक म्हणाले, ती खोली बघूनच रडू येतं. मग मी पुण्याला आले आणि या खोलीचं दार उघडलं.” बाईंनी बोट दाखवलं. “खिडकी उशाशी. आणि माझ्या सेटवर? पायथ्याशी. मला वाटलं, भावानं खोली बदलली. त्याला विचारलं तर तो हसला. म्हणाला, ताई, बाबांच्या उशाशीच होती खिडकी. कायम.”

“चूक होते हो,” मी म्हणाले.

“तुझ्या कामात होत असेल. मी ज्या डोळ्यांच्या जिवावर जगले, ते डोळेच खोटे निघाले. आणि वाईट काय, ते कळतं का? दारात उभं राहून मला ही खोली चुकीची वाटत होती. खरी खोली. बाप गेला त्याच्या खोलीत मी उभी होते आणि मनात म्हणत होते, कोणीतरी काम नीट केलेलं नाही.”

त्यानंतर त्या परत गेल्याच नाहीत. फोटो, बक्षिसं, सगळं तिकडेच सोडलं. म्हणून ती रोजची परीक्षा, डोळे मिटून खिडकी कुठे ते दाखवायची. म्हणून ती टकटक. आजवर मला वाटत होतं, बाईंचा जगावर विश्वास नाही. त्यांचा विश्वास उडाला होता तो स्वतःवरचा.

निखिलला मी हे सांगितलं. तो म्हणाला, “सेटचे नकाशे असतील ना? ते बघितले की कळेल.” मी म्हटलं, सेट मोडतात तसे तेही जातात. तो म्हणाला, “मग ही गोष्टसुद्धा तपासता येत नाही.” पण या वेळी त्याचा आवाज तेवढा कडक नव्हता.

दिवाळीनंतरची गोष्ट. दुपारी फाटकाशी एक गाडी थांबली. तिच्यातून एक पांढऱ्या केसांचे कोरियन गृहस्थ उतरले आणि त्यांच्यामागून एक आपल्याकडचे, टक्कल पडलेले. हे चाकणच्या एका कोरियन कंपनीत दुभाष्याचं काम करणारे. बाई जिन्यावर येऊन उभ्या राहिल्या. त्या पाहुण्यांनी त्यांना पाहिलं, हातातली पिशवी खाली ठेवली आणि अंगणातच कमरेत पार वाकून नमस्कार केला. ते बराच वेळ वाकलेलेच राहिले. शेजारच्या काकू गॅलरीत होत्या. त्यांच्या हातातला कपडा खाली पडला.

“चाकणला कोरियन पैशाला पासरी मिळतात,” निखिल माझ्या कानात पुटपुटला. पण पुटपुटला अगदी सवयीनं.

बाईंनी आम्हालाही वर बोलावलं. कशाला ते तेव्हा कळलं नाही. आता वाटतं, त्यांना साक्षीदार हवे असावेत.

पाहुणे म्हणजे त्यांच्या शेवटच्या सिनेमाचे कॅमेरामन. ते आता स्वतः एक चित्रपट दिग्दर्शित करणार होते. गोष्ट एका म्हाताऱ्या बाईच्या घराची होती, आणि ते घर आमच्या बाईंनीच बांधावं असा त्यांचा हट्ट होता. बाई त्यांच्याशी कोरियनमध्ये बोलत होत्या आणि दुभाषे आम्हाला हळू आवाजात सांगत होते.

“त्या नाही म्हणतायत. म्हणतायत, मी खिडकी चुकवली होती.”

पाहुण्यांनी चक्रावून पाहिलं. मग ते भराभर बोलू लागले.

“ते म्हणतायत, चुकवली कुठे? ती आपण हलवली. तुम्ही उशाशीच बांधली होती. मला म्हाताऱ्याच्या तोंडावर उजेड हवा होता, उशाशी खिडकी असली तर तोंड अंधारात जात होतं. मी मागे लागलो. तुम्ही भांडलात. मग स्वतः उभं राहून भिंत काढलीत आणि खिडकी पायथ्याशी नेलीत.”

बाई उठल्या आणि खिडकीशी गेल्या. तिकडे तोंड करून काही तरी तोडून बोलल्या.

“त्या म्हणतायत, मला असं काही आठवत नाही. तुम्ही मला न्यायला खोटं बोलताय. किंवा दया करताय.” दुभाषे आता घसा खाकरत होते. आपण कशात सापडलो आहोत याचा त्यांना अंदाज येत नव्हता. “ते म्हणतायत, तुम्हाला आठवणार नाही. त्याच दिवशी तुमचे वडील गेल्याचा निरोप आला होता. त्यानंतर तुम्ही आठवडाभर कोणाशी बोलला नाहीत. नुसतं काम केलंत.”

बाई वळल्या. त्यांनी एक प्रश्न विचारला.

“त्या विचारतायत, भांडून झाल्यावर मी शेवटी काय म्हणाले?”

पाहुणे पहिल्यांदा हसले. आणि मग दुभाष्यांची वाट न बघता, एकेक अक्षर जपून उच्चारत म्हणाले, “काशी गाला!”

दुभाषे गोंधळून आमच्याकडे पाहू लागले. “हे कोरियन नाहीये,” ते म्हणाले.

“घाला काशी,” निखिल म्हणाला. “घाला काशी!”

पाहुण्यांनी जोरजोरात मान हलवली. त्यांना त्याचा अर्थ माहीत नव्हता. बाईंनी ते म्हणून भिंत पाडायला घेतली, तेव्हा त्यांना वाटलं, तुमच्याकडे शुभकार्याला असं म्हणत असतील. तेव्हापासून ते प्रत्येक शूटिंगच्या पहिल्या दिवशी सगळ्या लोकांकडून हे मोठ्यानं म्हणवून घ्यायचे.

बाई खुर्चीत बसल्या. आधी त्यांचे खांदे हलताना दिसले आणि मला वाटलं हसतायत. मग दिसलं की नाही. “माझे वडील म्हणायचे,” त्या मराठीत म्हणाल्या. “कोणी ऐकेनासं झालं की. अगदी असंच.” मग त्यांनी शर्टाच्या बाहीनं तोंड पुसलं आणि पाहुण्यांना त्या दोन शब्दांचा अर्थ सांगितला. तो ऐकून त्या भल्या माणसाचा चेहरा जो काही झाला, त्यावर दुभाष्यांसकट आम्ही सगळेच हसलो.

बाई कोरियाला गेल्या. विमानतळावर सोडायला निखिलच गेला होता. तो सांगत होता, उतरताना त्या म्हणाल्या, “तुमचा अजूनही पूर्ण विश्वास नाही ना?” तो प्रामाणिक माणूस. म्हणाला, “नव्वद टक्के आहे.” बाई म्हणाल्या, “दहा राखून ठेवा.”

वर्ष-सव्वा वर्षानं तो चित्रपट आमच्या टीव्हीवर आला. रविवारची दुपार होती. शेजारच्या काकूंनाही बोलावलं. त्यांनी खालची भाषांतराची अक्षरं वाचवत नाहीत म्हणून चष्मा दोनदा पुसला आणि शेवटी वाचायचं सोडून नुसतं बघत बसल्या. गोष्ट फार संथ होती. एक म्हातारी आणि तिचं घर. ती सकाळी उठायची, स्वयंपाकघरातल्या फळीला धरून उभी राहायची, आणि ती फळी जिथे ती धरायची तिथेच गुळगुळीत झालेली होती. दाराच्या चौकटीवर कुणा मुलाची उंची मोजलेल्या पुसट रेघा. जिन्याची मधली पायरी खचलेली. काही घडत नव्हतं आणि नजर हलत नव्हती.

शेवटी त्यांच्या लिपीत नावं सरकू लागली. त्यातलं एक बाईंचं असणार. काकू डोळे टिपत होत्या. निखिल मात्र हाताची घडी घालून बसला होता. कपाळाला आठ्या.

“काय झालं?” मी विचारलं.

“फसवलं आपल्याला,” तो म्हणाला. “हा सेट नाहीच आहे. सरळ सरळ कुठल्या तरी म्हातारीच्या घरात जाऊन शूटिंग केलंय. पन्नास-साठ वर्षं कोणीतरी राहिलंय त्या घरात, ते काय मला दिसत नाही? यात बाईंनी काय केलं, मला सांग.”

मी त्याच्याकडे बघत राहिले. मग बाईंना फोन लावला. तिकडे संध्याकाळ झाली होती. चित्रपट आवडला वगैरे मी सांगायला लागले, तर त्यांनी नेहमीप्रमाणे मध्येच तोडलं.

“तू चांगलंच म्हणणार. तो काय म्हणाला?”

मी सांगितलं.

“पुन्हा सांग,” बाई म्हणाल्या.

मी पुन्हा सांगितलं.

“नाही, तू मऊ करून सांगतेयस. त्यालाच दे.”

मी फोन निखिलच्या हातात दिला. त्यानं तो कानाला लावला आणि जराही भीड न धरता सुरू झाला. बाई, माफ करा, पण मी स्पष्ट बोलणार. ती पायरी बनवलेली नाही. ती फळी बनवलेली नाही. असं घर कोणाला बांधता येत नाही. तो एकेक पुरावा मांडत होता, बोटं मोजत होता, आवाज चढवत होता. आणि पलीकडून बाई, ज्यांनी आयुष्यात कोणाचं वाक्य पुरं होऊ दिलं नव्हतं, त्याला एकदाही तोडत नव्हत्या.